कर्त्या पुरुषाच्या मागे : शिरूर-दौंड भागातील मातांच्या कर्जाचा इतिहास

आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत ज्ञातीतील थोर पुरुषांची चरित्रे, घराण्यांच्या वंशावळी आणि तीर्थक्षेत्रांची माहिती दरवर्षी येत असते, व ती यावी हे योग्यच आहे. परंतु ज्या घरातील कर्ता पुरुष अकाली गेला, त्या घरातील चूल पुढे कोणी व कशी पेटती ठेवली, याचा इतिहास आपल्याकडे कोणी लिहिलेला नाही. तलवार गाजविणाऱ्याचे नाव बखरीत येते, जमीन कसणाऱ्याचे सरकारी दप्तरात येते. पदरी तीन पोरे घेऊन सावकाराच्या ओटीवर उभी राहिलेली आई मात्र कोणत्याही कागदात सापडत नाही. सापडलीच तर अंगठ्याच्या एका ठशापुरती. त्या ठशामागील हकीकत, आपल्या शिक्रापूरच्या आसपासच्या मुलुखापुरती का होईना, मांडावी असा आमचा या लेखात प्रयत्न आहे.

आपला हा भाग पावसाच्या दृष्टीने दुबळा. घाटमाथ्यावर कोसळणारा पाऊस पूर्वेकडे शिरूर-दौंडकडे येईतो विरळ होतो. कालवे येण्यापूर्वी बाजरी आणि ज्वारी यांवर संसार चाले आणि एक पाऊस चुकला की सावकाराचे दार गाठावे लागे. इंग्रजी अंमल स्थिरावल्यावर सारा रोखीत व ठराविक मुदतीत भरावयाचा झाला, आणि सावकाराची गरज आणखी वाढली. आपल्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा जुना नियम होता. व्याज कितीही साचले तरी एका वेळी मुद्दलाहून अधिक वसूल करावयाचे नाही, असा त्याचा अर्थ. पुढे १८५९ साली मुदतीचा कायदा झाला आणि साध्या रोख्याची मुदत तीन वर्षांची ठरली. कुळाचे भले व्हावे हा त्यातील हेतू. पण घडले उलटे. मुदत संपत आली की सावकार नवा रोखा लिहून घेई, थकलेले व्याज मुद्दलात मिळवी, आणि त्या नव्या मुद्दलावर पुन्हा नवे व्याज धावू लागे. दामदुपटीचा नियम अशा रीतीने कागदावर जिवंत राहिला आणि व्यवहारात मेला.

अशा रोख्याचा धनी मेला म्हणजे काय होई? त्या काळी आपल्या मुंबई इलाख्यात न्यायालये असे मानीत की, बापाचे कर्ज मुलाने व आजाचे नातवाने फेडलेच पाहिजे, मग वारशात त्यास फुटकी घागरही मिळालेली नसो. मूल अज्ञान असेल तर पालनकर्ती म्हणून आईचा अंगठा नव्या रोख्यावर घेतला जाई. याहूनही चमत्कारिक अशी एक गोष्ट पुष्कळांस ठाऊक नसेल. विधवेने पाट लावला तर तिच्या पहिल्या नवऱ्याचे कर्ज दुसऱ्या नवऱ्याच्या माथी मारता येत असे. शेतकरी व कारूनारू समाजांत पाटाची चाल होती आणि तरुण विधवेस पुन्हा संसार मांडण्याची ती एकच वाट होती. त्या वाटेवरही सावकाराचा रोखा आडवा पडलेला! १८६६ साली मुंबई सरकारने हिंदू वारसांच्या संरक्षणाचा कायदा केला; वारसाची जबाबदारी त्यास मिळालेल्या मिळकतीपुरतीच राहील आणि केवळ विधवेशी लग्न केले म्हणून तिच्या पूर्वीच्या नवऱ्याच्या कर्जास कोणी बांधला जाणार नाही, असे त्यात ठरविले. असा कायदा मुद्दाम करावा लागला, यावरूनच आधीची स्थिती काय असेल ते वाचकांनी ताडावे. विधवेच्या संमतीच्या किंवा तिच्या मुलांच्या भाकरीच्या गोष्टी कायद्यात फारशा नव्हत्या. पण तिच्या पायातील एक बेडी त्याने तोडली, हे मान्य केले पाहिजे.

मात्र कायदा पुण्या-मुंबईस होतो आणि रोखा गावात लिहिला जातो. ज्यास वाचता येत नाही त्यास कायदा झाल्याचे कोण सांगणार? मुनसफाच्या कोर्टाचे बोलावणे आले तरी कुळे भीतीने जात नसत, आणि हुकूमनामे एकतर्फी होत.

१८७४ सालच्या डिसेंबरात आपल्याच शिरूर तालुक्यातील करडे गावी जे घडले, ते पुढे सरकारी चौकशीच्या अहवालात नमूद झाले आहे. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख या प्रतिष्ठित घराण्यातील शेतकऱ्याविरुद्ध हुकूमनामा मिळविला आणि घरातील लाकडासाठी त्याचे राहते घर पाडले. गावाच्या मध्यभागी ते उघडे पडलेले जोते पाहून लोकांचे मन पेटले. गावाने सावकारांवर बहिष्कार घातला. त्यांची जमीन कोणी कसावयाची नाही, त्यांचे पाणी कोणी भरावयाचे नाही, हजामत कोणी करावयाची नाही, असा निश्चय झाला व तो गावोगाव पसरला. पुढे १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे बाजारच्या दिवशी लोक सावकारांच्या दुकानांवर चालून गेले, आणि तेथून शिरूर, इंदापूर व नगर जिल्ह्यात तो वणवा गेला. यासच इतिहासात दख्खनचे दंगे म्हणतात. पुणे आणि नगर जिल्ह्यांत मिळून साडेनऊशेंच्या आसपास माणसे पकडली गेली. ध्यानात घेण्याजोगी गोष्ट अशी की, लोकांस सावकाराचे प्राण नको होते. त्यांस हवे होते रोखे, खते, हुकूमनामे. कागद हाती दिले की बहुधा जमाव शांत होई.

येथे एक खुलासा करणे आम्हांस आवश्यक वाटते. त्या दंग्यांत मारवाडी व गुजर सावकारांवर लोकांचा रोख अधिक होता, म्हणून आजही कोणी त्या समाजांस नावे ठेवतो. ते अन्यायाचे होय. सावकारी ही कोणा एका जातीची मिरास नव्हती. देशस्थ ब्राह्मण, सोनार, सधन पाटील, सर्वच ती करीत. नावे ठेवावयाची तर त्या व्यवहारास ठेवावीत.

इतिहासकार या दंग्यांचे वर्णन करतात तेव्हा देशमुखाचे घर पडले असे लिहितात. त्या घरात बायामुले राहत होती, त्या रात्री ती कोठे निजली, हे कोणी लिहीत नाही. पुढे १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांच्या साहाय्याचा कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर व नगर हे चार जिल्हे त्याखाली आले. कर्जासाठी शेतकऱ्यास तुरुंगात टाकणे बंद झाले. रोख्यावरील आकड्यापाशी न थांबता मूळ कर्ज किती व व्याज किती हे न्यायाधीशाने खोदून पाहावे असे ठरले. जी जमीन स्पष्टपणे गहाण दिलेली नाही ती विकता येईना. आणि रोखे गावच्या निबंधकासमोर लिहिले जाऊ लागले. आमच्या मते यांतील शेवटची तरतूद निरक्षर बाईच्या दृष्टीने सर्वांत मोलाची होती, कारण अंगठा उठविण्यापूर्वी कागदात काय आहे हे सावकाराखेरीज दुसरा कोणीतरी तिला वाचून दाखविणार होता.

दंगे आणि हा कायदा यांच्या मध्ये १८७६-७७ चा मोठा दुष्काळ आला. सरकारने कामे काढली. आपल्या दौंडहून मनमाडकडे जाणारा लोहमार्ग, ज्यावरून आजही आपण शिर्डीस जातो, त्याचे मातीकाम दुष्काळग्रस्तांच्या हातून झाले. मजुरी प्रारंभी पुरुषास रोज २ आणे, स्त्रीस दीड आणा आणि काम करू शकणाऱ्या मुलास १ आणा होती. पुढे सर रिचर्ड टेंपल यांच्या शिफारशीने पुरुषास एक पौंड धान्याची किंमत व वर एक आणा, एवढ्यावर ती आणली गेली आणि स्त्रीस त्याहूनही कमी. १८७७ च्या जानेवारीत हजारो कामकरी कामे सोडून निघून गेले, आणि पुण्याच्या सार्वजनिक सभेने सरकारकडे अर्जामागून अर्ज केले. स्त्रीची मजुरी कमी ठेवणारे असे समजत की, तिच्या मागे पुरुष आहे व तिची कमाई ही वरकड. पण जिचा पुरुष वारला किंवा पोटासाठी परागंदा झाला, तिची तीच कमाई सगळी होती, आणि खाणारी तोंडे मात्र पुरुषाच्या घरी असतात तितकीच. ही चूक त्या वेळी झाली आणि पुढे कैक वर्षे चालू राहिली.

आता आम्ही दौंड तालुक्यातील केडगावकडे वळतो. तेथे पंडिता रमाबाईंनी जे काम केले त्याविषयी आपल्या समाजात अद्याप संकोचाने बोलले जाते, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो.

रमाबाईंचा जन्म १८५८ चा. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी बायकोस व मुलीस संस्कृत शिकविले म्हणून लोकनिंदा सोसली. १८७४ च्या सुमारास दुष्काळात आईबाप दोघेही गेले. पुढे भाऊ श्रीनिवास वारला. रमाबाईंनी बंगालमध्ये बिपिनबिहारी मेधावी यांच्याशी विवाह केला, १८८१ साली मनोरमा ही मुलगी झाली, आणि १८८२ साली नवरा पटकीने वारला. म्हणजे वयाच्या चोविसाव्या वर्षाच्या आत आईबाप नाहीत, भाऊ नाही, नवरा नाही, पदरी तान्ही मुलगी, अशी ही बाई. फरक इतकाच की तिच्यापाशी विद्या होती. त्या विद्येच्या बळावर ती पुण्यास आली, आर्य महिला समाज काढला, इंग्लंड-अमेरिकेस गेली, इंग्रजीत पुस्तक लिहून हिंदू विधवांची स्थिती जगास सांगितली आणि तेथून मदत मिळवून ११ मार्च १८८९ रोजी मुंबईस शारदा सदन उघडले. पुढच्या वर्षी ते पुण्यास आले. गोदूबाई, ज्या पुढे धोंडो केशव कर्वे यांच्या पत्नी आनंदीबाई म्हणून प्रसिद्ध झाल्या, त्या या सदनाच्या आरंभीच्या विद्यार्थिनी.

रमाबाई इंग्लंडात असताना ख्रिस्ती झाल्या होत्या. सदनातील मुलींवर त्या धर्माचा परिणाम होतो, यावरून १८९३ साली पुण्यात मोठे वादळ उठले. ‘केसरी’ने कडक टीका केली, आणि न्यायमूर्ती रानडे व डॉ. भांडारकर यांनी सल्लागार मंडळाचे काम सोडले. पुष्कळ पालकांनी मुली काढून नेल्या. हा वाद आम्ही टाळू इच्छीत नाही. ज्या पालकाने विश्वासाने मुलगी शिकावयास ठेवली, त्याचा धर्माविषयीचा आक्षेप खोटा होता असे आम्ही म्हणणार नाही. परंतु एक प्रश्न आम्हांस नेहमी छळतो. ज्या विधवांस आपल्या घरात दोन वेळचे अन्न, अंगभर वस्त्र आणि मानाचा एक शब्द मिळत होता, अशा किती जणी केडगावास गेल्या असतील? धर्मांतरावर जितके अग्रलेख निघाले, तितकी आश्रयस्थाने त्या वेळी निघाली नाहीत. कर्व्यांनी १८९६ साली अनाथ बालिकाश्रम काढला व पुढे तो हिंगण्यास नेला, ते खरे उत्तर होते. त्यासारखी उत्तरे थोडी झाली.

केडगावास रमाबाईंनी जमीन घेतली ती फळबागेच्या उत्पन्नावर संस्था चालावी म्हणून. तोच १८९६-९७ चा दुष्काळ आला. त्या मध्य प्रांतात स्वतः गेल्या आणि उपाशी मुली व विधवा शेकड्यांनी घेऊन आल्या. १९०० च्या गुजरातच्या दुष्काळानंतर मुक्ती सदनात संख्या दोन हजारांच्या घरात पोचली. एवढी माणसे नुसत्या देणगीवर जगत नाहीत. तेथे विणकाम होते, शेती होती, गाईगुरे होती, घाणा होता, छापखाना होता. आणि छापखान्यात खिळे जुळविण्यापासून पुस्तक बांधण्यापर्यंत कामे बायका करीत. ज्या काळी आपल्या खेड्यांत मुलीस बाराखडी शिकविणे अनर्थाचे मानीत, त्या काळी केडगावच्या माळावर निराधार बायका मराठी ग्रंथ छापीत होत्या. रमाबाईंस मुलगी मनोरमेचा आधार होता. ती १९२१ साली गेली, आणि पाठोपाठ ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाईही गेल्या. संस्था आजही चालू आहे. पुणे-सोलापूर लोहमार्गावर केडगाव स्टेशनावरून आपण शेकडो वेळा गेलो असू. त्यांतील किती जण उतरून आत गेलो?

रमाबाईंच्या कामातील एक गोष्ट घेण्यासारखी आहे, आणि तिला धर्माची अट नाही. त्यांनी आईला मुलापासून तोडले नाही आणि तिला फुकट बसवूनही ठेवले नाही.

स्वातंत्र्यानंतर आपल्या भागावर मोठी आपत्ती आली ती १९७२ च्या दुष्काळाची. आमच्या वयाच्या वाचकांस तो लाल मिलो, ती सुकडी आणि ती खडीची कामे आठवत असतील. शिरूर आणि दौंड हे दोन्ही तालुके त्यात होरपळले. त्या कामांवर बायकांची संख्या मोठी होती. गावात कोणाच्या बांधावर न गेलेल्या घरंदाज बायकाही तोंडावर पदर ओढून खडी फोडू लागल्या. पुढे वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेली रोजगार हमी योजना १९७७ साली कायदा झाली व २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आली. तिच्यात स्त्री-पुरुषांस समान दर आणि कामावर मुले सांभाळण्याची सोय, या दोन गोष्टी होत्या. दीड आणा आणि दोन आणे हा भेद कायद्यातून पुसावयास शंभर वर्षे लागली. व्यवहारातून तो पुरता पुसला गेला असे म्हणण्याचे धाडस आम्ही करणार नाही; खुरपणीची व दारे धरण्याची मजुरी आपापल्या गावात विचारून पाहावी.

याच सुमारास मुंबईत एक काम उभे राहिले, जे आपल्या मंडळाने विशेष अभ्यासावे. गिरणगावात गावाकडून आलेले, घर नसलेले कामगार खानावळीत जेवत. खानावळ म्हणजे हॉटेल नव्हे. चाळीतील एका खोलीत एखादी बाई दहा-वीस माणसांचा स्वयंपाक करी. त्यांत पुष्कळ जणींचे नवरे आजारी, बेकार किंवा वारलेले. कामगार पैसे देणार पगार झाल्यावर, आणि वाण्याचे धान्य मात्र आधी आणावयाचे. म्हणून महिनाभर उधारी, उधारीवर व्याज, आणि अडचण आली की मंगळसूत्र गहाण. करड्याच्या देशमुखाची आणि लालबागच्या या खानावळवालीची कहाणी तीच. गोव्याच्या मुक्तिलढ्यातून आलेल्या प्रेमाताई पुरव यांनी या बायकांस संघटित करून १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केले. राष्ट्रीयीकृत बँकांत त्या वेळी दुर्बलांसाठी ४ टक्के व्याजाची योजना होती; पण तारण नाही, सही येत नाही, अशा बाईस बँकेच्या दारात कोण उभे करणार? बायकांचे गट झाले, एकमेकींस त्या जामीन राहिल्या, बँक ऑफ बडोदाने कर्जे दिली, आणि ती फिटली. रमाबाईंनी आश्रय दिला होता. प्रेमाताईंनी बाईच्या स्वतःच्या नावाने पत उभी केली. पुढील काळातील बचत गटांची चळवळ याच वाटेने आली.

आज शिक्रापूरचे रूप पालटले आहे. सणसवाडी, रांजणगाव येथे कारखाने आले, चाकणकडे जाणाऱ्या रस्त्यावर गाड्यांची रीघ असते, जमिनींचे भाव आकाशाला भिडले. सावकार ओटीवरून उठून मोटारसायकलवर बसला एवढेच. सूक्ष्म वित्त कंपन्यांचे प्रतिनिधी घरी येऊन गटातील बायकांस कर्ज देतात, हप्ता आठवड्याचा किंवा पंधरवड्याचा असतो, आणि एकीचा थकला की बाकीच्या तिच्या दारात बसतात. अन्नपूर्णेत जो जामीन मायेचा होता, तो येथे जाचाचा झाला. रिझर्व्ह बँकेने १ एप्रिल २०२२ पासून असा नियम केला आहे की, अशा घराच्या सर्व कर्जांचे हप्ते मिळून मासिक उत्पन्नाच्या निम्म्याहून अधिक होता कामा नयेत. आपल्या किती भगिनींस हे ठाऊक आहे? परवाना नसलेल्या सावकाराने जमीन बळकावली असेल तर महाराष्ट्र सावकारी अधिनियम, २०१४ खाली सहकार खात्याच्या जिल्हा निबंधकाकडे दाद मागता येते, हेही फार थोड्यांस ठाऊक असते. आपल्या उसाच्या फडात येणारी बीड-नगरची जोडपी पाहावीत. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’, उचल नवऱ्याच्या हाती, आणि मोळी वाहणाऱ्या बाईच्या नावावर हिशेबच नाही.

येथवर परक्यांच्या लोभाचा इतिहास झाला. आता घरच्याविषयी लिहिणे प्राप्त आहे, आणि हे लिहिताना आमची लेखणी अडखळते.

आपल्या भागातील जुने सातबारे काढून पाहावेत. थोरल्या भावाचे नाव ‘ए.कु.मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर म्हणून लागलेले दिसते आणि धाकट्यांची नावेच नसतात. धाकटा वारला की त्याच्या बायकोस व मुलांस आपला हिस्सा सिद्ध करण्यासाठी जन्म घालवावा लागतो. विधवेचे व बहिणींचे नाव लागलेच तर पुष्कळदा मालकाच्या रकान्यात न लागता ‘इतर हक्क’ या रकान्यात पडते. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने विधवा, मुलगे, मुली व आई यांस पहिल्या वर्गाचे वारस ठरविले. १९९४ साली महाराष्ट्राने व २००५ साली केंद्राने मुलींस वडिलार्जित मिळकतीत जन्माने हक्क दिला. कायदा इतका पुढे आला आणि आपण त्यावर हक्कसोडपत्राचा तोडगा काढला! दहाव्या-बाराव्याच्या दिवशी पाहुणे जमलेले असताना, बाईचे डोळे अजून कोरडे झालेले नसताना, ‘सही कर, माहेर तुटायला नको,’ असे सांगून कागद पुढे केला जातो. गावाजवळच्या जमिनीस कारखान्यामुळे भाव आल्यापासून ही घाई अधिक झाली आहे. काळूरामाच्या हाती निदान कोर्टाचा हुकूमनामा तरी होता. येथे कागद पुढे करणारा दीर असतो, भाऊ असतो, आणि तो आपल्या मेळाव्यात पहिल्या रांगेत बसलेला असतो.

करोनाच्या दोन वर्षांत तरुण विधवांची संख्या गावोगाव वाढली, तेव्हा सरकारने २०२१ साली ‘मिशन वात्सल्य’ सुरू करून तालुक्यावर समित्या नेमल्या. निराधारांसाठी १९८० पासून संजय गांधी निराधार अनुदान योजना आहे. एकट्या आईच्या मुलांसाठी बालसंगोपन योजना आहे. योजना पुष्कळ आहेत, पण दाखले जमवून तहसील कचेरीत चार खेटे घालावयाचे तर रोजंदारी बुडते, आणि सोबत येणारे माणूस नसते. आपल्या मंडळापाशी लाखांनी रुपये नाहीत, हे आम्ही जाणतो. पण माणसे आहेत. सत्कार-समारंभातील शाल-श्रीफळाचा खर्च निम्म्यावर आणला, तर प्रत्येक गावी एक जाणता कार्यकर्ता व एक जाणती भगिनी यांस प्रवासखर्च देता येईल, आणि उरलेल्या रकमेतून बिनव्याजी शिलाईयंत्र, शेळी किंवा खानावळीची भांडी यांसाठी कर्ज देता येईल. ते कर्ज बाईच्या स्वतःच्या बँक खात्यावर द्यावे, सासऱ्याच्या वा दिराच्या हाती देऊ नये. हक्कसोडपत्राविषयी मंडळाने असा ठराव करावा की, मृत्यूनंतर एक वर्ष आपल्या ज्ञातीतील कोणीही विधवेची वा मुलीची सही मागू नये, आणि त्यानंतरही सही करण्यापूर्वी तिने स्वतः निवडलेल्या माणसाकडून तो कागद वाचून घ्यावा.

वारस नोंदीचे काम मात्र एक वर्ष थांबू शकत नाही. जमीन महसूल संहितेप्रमाणे मृत्यूनंतर तीन महिन्यांच्या आत तलाठ्यास, ज्यांस आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, वारसांची खबर तोंडी किंवा लेखी द्यावयाची असते, आणि लेखी दिल्यास त्यांच्याकडून पोच घ्यावी. अर्जासोबत मृत्यूचा दाखला, सर्व वारसांची नावे, वये व नाते लिहावे. त्यांत विधवेचे, मुलींचे व मृताची आई हयात असल्यास तिचेही नाव असावे. त्यानंतर फेरफाराची नोटीस निघते व हरकतीसाठी मुदत मिळते. त्या मुदतीत चावडीवर जाऊन आपले नाव मालकाच्या रकान्यात लागले की ‘इतर हक्का’त, हे पाहून यावे; आणि अज्ञान मुलांच्या नावापुढे ‘अ.पा.क.’ म्हणून आईचेच नाव आहे, चुलत्याचे नाही, याची खात्री करून घ्यावी.